जो जिवंत परत आला, त्याचे आपण काय केले?

शास्त्रवाचन : मार्क ५:१-२० आणि १ राजे १९:१-८



२०१६ सालच्या फेब्रुवारीतला तो आठवडा हुबळी-धारवाडकर विसरलेले नाहीत. ३ तारखेला सियाचीन हिमनदीवर, १९ हजार फुटांहून अधिक उंचीवरच्या एका चौकीवर बर्फाचा कडा कोसळला आणि मद्रास रेजिमेंटचे दहा जवान त्याखाली गाडले गेले. सहा दिवसांनी बर्फ खोदताना त्यांतले एक जण जिवंत सापडले. ते आपल्याच जिल्ह्यातले, कुंदगोळ तालुक्यातल्या बेटदूर गावचे लान्स नाईक हनुमंतप्पा कोप्पद. त्यांना दिल्लीच्या लष्करी रुग्णालयात नेले आणि सगळा देश त्यांच्यासाठी प्रार्थना करू लागला. त्या वर्षी १० फेब्रुवारीला राखेचा बुधवार होता. लेंतकाळाच्या पहिल्याच उपासनेत आम्हीही त्यांच्यासाठी गुडघे टेकले. दुसऱ्या दिवशी, ११ तारखेला, ते गेले. पार्थिव हुबळीत आले, नेहरू मैदानावर अंत्यदर्शनासाठी ठेवले गेले आणि शहर लोटले. शाळेची मुले, हमाल, रेल्वेचे कामगार, बुरखा घातलेल्या आया, मठातले स्वामी, सगळे आले होते. आम्हीही गेलो होतो.

त्या रांगेत आमच्या पुढे आमच्याच मंडळीतले एक निवृत्त हवालदार उभे होते. त्यांना आम्ही इथे नुसते हवालदार काका म्हणू. त्यांच्या परवानगीनेच हे लिहीत आहोत, आणि त्यांची ओळख पटू नये म्हणून चार गोष्टी मुद्दाम बदलल्या आहेत. रांग पुढे सरकत होती. पार्थिव वीस-पंचवीस पावलांवर आले असेल, तेवढ्यात काका रांगेतून बाहेर पडले आणि काही न बोलता निघून गेले. आम्हाला वाटले, ऊन लागले असेल, गर्दी सोसली नसेल.

का निघून गेले, हे त्यांनी आम्हाला पुष्कळ वर्षांनी सांगितले. म्हणाले, "सगळे त्याच्यासाठी रडत होते. मला वाटलं, आपणही तिकडंच संपलो असतो तर बरं झालं असतं. निदान आईबापाला मान तरी मिळाला असता."

हे वाक्य ऐकल्यापासून आम्हाला एक प्रश्न सोडत नाही. तोच आज तुमच्यापुढे ठेवतो. शवपेटीत आलेल्या सैनिकाचे काय करायचे ते आपल्याला ठाऊक आहे. आपल्या पायांनी चालत आलेल्याचे काय करायचे, हे ठाऊक आहे का?

मेलेल्यांचे दगड

आपल्या भागातल्या जुन्या देवळांभोवती, तळ्यांच्या काठी, गावांच्या वेशीवर वीरगळ दिसतात. शब्द कन्नडातला आहे : वीरगल्लु, म्हणजे वीराचा दगड. मराठीने तो आपला करून घेतला. बहुतेक दगडांवर खालच्या चौकटीत लढाई असते, मधल्या चौकटीत अप्सरा त्या वीराला वर नेत असतात आणि सगळ्यांत वर तो शिवलिंगापाशी बसलेला असतो. शेकडो वर्षे ऊनपाऊस खात हे दगड उभे आहेत, कारण गावाला आपल्या मेलेल्या माणसाची आठवण ठेवायची होती. ही चांगली गोष्ट आहे. पण त्याच लढाईतून जो घरी आला, ज्याचा हात गेला, जो रात्री ओरडत उठू लागला, त्याच्यासाठी कोणी दगड कोरला नाही.

पहिल्या महायुद्धानंतर सरकारने गावोगावी संगमरवरी पाट्या बसवल्या. महाराष्ट्रातल्या काही गावांत त्या अजून आहेत. त्यांवर दोन आकडे असतात : या गावातून इतके लोक युद्धावर गेले आणि त्यांपैकी इतके मेले. पहिल्यातून दुसरा वजा केला की घरी आलेल्यांचा आकडा निघतो. तो पाटीवर कोरलेला नसतो. तो वाचणाऱ्याने मनात काढायचा.

ते घरी आलेले कुठून आले होते, हे थोडे आठवू या. त्या युद्धात आजच्या इराकमधल्या कूत या गावी आपली फौज वेढ्यात सापडली. तिचे नावच पूना डिव्हिजन होते आणि तिच्यात १०३, ११० आणि ११७ क्रमांकाच्या मराठा पलटणी होत्या. डिसेंबर १९१५ पासून जवळजवळ पाच महिने ते लोक उपाशी लढले आणि २९ एप्रिल १९१६ रोजी फौज शरण गेली. गोरे आणि हिंदी मिळून सुमारे १३ हजार माणसे कैद झाली. त्यांना वाळवंटातून चालवत नेले, रेल्वेमार्ग बांधायच्या कामाला जुंपले. हजारो वाटेत आणि छावण्यांत मेले. जे उरले ते युद्ध संपल्यावर आपापल्या गावी परतले, नांगराला लागले. त्यांच्या घरच्या लोकांनी त्यांना काय विचारले असेल? त्यांनी काय सांगितले असेल? बहुतेकांचे सगळे त्यांच्याबरोबरच मातीत गेले.

हे आमच्यापासून फार लांबचे नाही. मराठा लाइट इन्फन्ट्रीचे केंद्र बेळगावात आहे, आमच्यापासून दोन तासांवर. त्यामुळे या पट्ट्यातल्या कित्येक मराठी घरांत, आणि आपल्या मंडळ्यांमधल्या घरांतही, भिंतीवर वर्दीतला एक फोटो असतो. कोणाचे आजोबा दुसऱ्या महायुद्धात इटलीला गेलेले, कोणाचे वडील १९६५ किंवा १९७१ चे, कोणी श्रीलंकेत शांतिसेनेबरोबर गेलेला, कोणी १९९९ साली कारगिलला, कोणी वर्षानुवर्षे काश्मीरमध्ये. फोटोखाली पदकांची पेटी असते. त्या माणसाची झोप कशी होती, हे घरातल्या बाईलाच ठाऊक असते.

आमची चूक

हवालदार काका नोकरी संपवून घरी आले तेव्हा चाळिशीचेही नव्हते. आपल्या फौजेत जवान पंधरा-सतरा वर्षांनी निवृत्त होतो. पुढचे अर्धे आयुष्य त्याला घरी काढायचे असते. काकांना एका बँकेच्या दारात रखवालदाराचे काम मिळाले. रविवारी ते उपासनेला येत, पण नेहमी शेवटच्या बाकावर, दाराच्या बाजूला. आशीर्वादाच्या आधीच उठून जात. आमच्यातल्या काहींनी याची थट्टाही केली, की काकांची गाडी सुटते वाटतं.

दर १५ ऑगस्टला आम्ही उपासनेनंतर त्यांना पुढे बोलावून शाल द्यायचो. एका वर्षी तरुण संघाच्या एका मुलाने, अगदी भाबडेपणाने, माइक त्यांच्या हातात दिला आणि विचारले, "काका, तुम्ही किती जणांना मारलंत ते सांगा ना." लोकांनी टाळ्या वाजवल्या. काकांनी माइक बाकावर ठेवला, शाल त्याच्यावर ठेवली आणि ते बाहेर गेले. सहा महिने परत आले नाहीत.

त्या सहा महिन्यांत काकू महिलांच्या प्रार्थनेत येऊन एकच विनंती करायच्या : "यांच्या रागासाठी प्रार्थना करा." मग आम्ही घरी गेलो. बायबल घेऊन, गाणी म्हणत, सात-आठ जण. काकांना क्षमेवर वचने वाचून दाखवली. उपास करायला सांगितले. दारू सोडायला सांगितले, कारण कँटीनची बाटली कपाटात दिसत होती. काही उपयोग झाला नाही, म्हणून एका रात्री जागरणाची प्रार्थना ठेवली. आमच्यातल्या एकाने त्यांच्या डोक्यावर हात ठेवून मोठ्याने दुष्ट आत्म्याला निघून जायची आज्ञा केली. काका डोळे मिटून मुकाट बसले होते. शेवटी आम्ही आमेन म्हटल्यावर त्यांनी हळू आवाजात विचारले, "म्हणजे माझ्या अंगात सैतान आहे, असंच वाटतं ना तुम्हा सगळ्यांना?"

प्रियजनहो, त्या प्रश्नाचे उत्तर आमच्यापैकी एकानेही दिले नाही. चहा पिऊन आम्ही निघालो. हे इथे लिहायला लाज वाटते, पण लिहिले पाहिजे, कारण असे करणारे आम्ही एकटेच नसू.

वाट सुटली ती आमच्या मंडळीतल्या एका निवृत्त परिचारिका बाईंमुळे. त्या त्या रात्री आमच्याबरोबर होत्या. दुसऱ्या दिवशी त्या एकट्याच परत गेल्या आणि काकूंना स्वयंपाकघरात बसून विचारले, "हे झोपतात का?" एवढा एकच प्रश्न. काकू रडायला लागल्या. बारा-तेरा वर्षांत तो प्रश्न त्यांना कोणी विचारला नव्हता. काका रात्री दोन-तीन तासांच्या वर झोपत नसत. उठून दारे-खिडक्या तपासत. झोपेत एकदा त्यांनी काकूंचा गळा धरला होता. शुद्धीवर आल्यावर स्वतःच थरथरत कोपऱ्यात बसले आणि तेव्हापासून वेगळ्या खोलीत झोपू लागले. गणपतीत आणि दिवाळीत फटाके सुरू झाले की ते घर सोडून कुठेतरी शेतात जात. दारू त्यांनी झोपेसाठी धरली होती. राग लोकांना दिसत होता. राग ज्यातून येत होता ती भीती कोणाला दिसत नव्हती.

याला नाव आहे

या दुखण्याला नाव आहे आणि ते आजचे नाही. १९१५ मध्ये चार्ल्स मायर्स या ब्रिटिश डॉक्टरांनी खंदकातून आलेल्या सैनिकांविषयी लिहिताना 'शेल शॉक' हा शब्द वापरला. त्या काळी अशा माणसांना भित्रे म्हणत. त्या युद्धात पळून जाणे, भित्रेपणा अशा आरोपांवरून ब्रिटिश लष्कराने गोळ्या घातलेल्या ३०६ सैनिकांना २००६ साली, म्हणजे तब्बल नव्वद वर्षांनी, ब्रिटनने माफी दिली. व्हिएतनामहून परतलेल्या अमेरिकी सैनिकांचे हाल पाहिल्यानंतर १९८० मध्ये अमेरिकेच्या मानसोपचारतज्ज्ञांनी त्याची आजारांच्या यादीत नोंद केली. आज डॉक्टर त्याला पीटीएसडी म्हणतात. आपण आघातानंतरचा मानसिक आजार म्हणू.

सोप्या शब्दांत सांगायचे तर असे. देवाने आपल्या शरीरात संकटाची घंटा ठेवली आहे. धोका दिसला की ती वाजते, छाती धडधडते, माणूस लढतो किंवा पळतो, आणि धोका टळला की ती थांबते. महिनोन् महिने मरणाच्या छायेत राहिलेल्या काही जणांची ती घंटा घरी आल्यावरही थांबत नाही. कुकरची शिट्टी, डब्याला डबा जोडल्याचा आवाज, गर्दीत मागून खांद्यावर पडलेला हात, यांतले काहीही ती वाजवते. जुना प्रसंग आठवत नाही, तो पुन्हा घडतो. म्हणून माणूस दाराजवळ बसतो, पाठ भिंतीला लावतो, लग्नाला जायचे टाळतो, मुलांवर खेकसतो, आणि आतून इतका बधिर होतो की मुलीच्या लग्नातही डोळ्यांत पाणी येत नाही. यात श्रद्धा कमी असण्याचा प्रश्न नाही. मधुमेह झालेल्याला आपण विश्वास कमी म्हणून साखर वाढली असे म्हणत नाही.

आणखी एक जखम असते, तिच्याविषयी मंडळीने विशेष ऐकले पाहिजे. जॉनथन शे या अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांनी व्हिएतनामच्या सैनिकांबरोबर काम करताना तिच्याविषयी लिहिले. ती भीतीची जखम नव्हे, विवेकबुद्धीची आहे. मी जे केले, जे पाहूनही थांबवले नाही, ज्या सोबत्याला मागे सोडून आलो, ते मला आता देवासमोर उभे राहू देत नाही. काकांच्या पोटात हेच होते. झोपेच्या गोळीने झोप येते. पण या ओझ्यासाठी ऐकणारा माणूस लागतो, आणि क्षमा करणारा देव लागतो. इथे खरे तर मंडळीचे काम सुरू होते. आम्ही मात्र ऐकण्याआधीच वचने वाचली.

त्याचे नाव काय होते?

मार्कच्या पाचव्या अध्यायात एक माणूस कबरांमध्ये राहतो. गावाने त्याला साखळ्यांनी बांधून पाहिले आणि मग नाद सोडला. रात्रंदिवस तो डोंगरांत ओरडत फिरतो आणि दगडांनी स्वतःचे अंग ठेचतो. तो सैनिक होता असे शास्त्र सांगत नाही, आणि आम्हीही म्हणणार नाही. पण येशू त्याला नाव विचारतो तेव्हा जे उत्तर येते, ते आपल्या मराठी बायबलात एका शब्दात आहे : सैन्य. मूळ शब्द रोमी फौजेचा, पाच-सहा हजार सैनिकांच्या तुकडीचा. ज्याच्या आत अख्खी पलटण अजून कूच करते आहे, असा माणूस आम्ही पाहिला आहे, म्हणून हा अध्याय आता आम्हाला वेगळा वाचता येतो.

कोणी म्हणेल, तिथे तर अशुद्ध आत्मेच होते, मग आम्ही काकांसाठी केलेली प्रार्थना चुकीची कशी? मत्तय ४:२४ उघडून पाहा. येशूकडे आणलेल्या लोकांची तिथे यादी आहे. निरनिराळ्या रोगांनी पिडलेले, भूतग्रस्त, फेफरेकरी आणि पक्षाघाती, असे वेगवेगळे सांगितले आहेत. शुभवर्तमान सगळ्या दुखण्यांना एकाच पोत्यात भरत नाही. मग आपण का भरावे?

आणि येशूने काय केले ते पाहा. सगळे गाव त्याला लांबून पाहत होते, येशूने त्याला नाव विचारले. नंतर लोक येतात तेव्हा तो वस्त्र ल्यालेला, शुद्धीवर, बसलेला दिसतो. ते वस्त्र कोणी दिले, हे लिहिलेले नाही. कोणीतरी आपल्या अंगावरचे काढून दिले असणार. आणि मग लोक काय करतात? ते भितात. ओरडणाऱ्या माणसाची त्यांना सवय झाली होती, शांत बसलेल्याची भीती वाटली. ते येशूलाच आपल्या हद्दीतून जायची विनंती करतात. बरा झालेला माणूस येशूबरोबर होडीत चढू पाहतो. आम्हाला वाटते, त्या गावात राहायची त्याला धास्ती वाटली असेल. पण प्रभू त्याला बरोबर घेत नाही. त्याला घरी, आपल्या माणसांत जायला सांगतो. म्हणजे येशूच्या दृष्टीने त्याचे बरे होणे घरच्या ओट्यावर पुरे व्हायचे होते. त्या ओट्यावर आपण बसलेलो आहोत. तो आला तर आपण सरकून जागा देणार का, एवढाच प्रश्न आहे.

आता एलीया पाहा. कर्मेल डोंगरावर मोठा विजय मिळवून, रक्तपात पाहून तो रानात पळाला, एका झुडपाखाली बसला आणि मरण मागू लागला. देवाच्या दूताने त्याला उपदेश केला नाही. झोपू दिले. उठवून भाकर आणि पाणी दिले. पुन्हा झोपू दिले, पुन्हा खायला दिले. देवाचा मंद, शांत आवाज त्या अध्यायात नंतर येतो. आमच्या परिचारिका बाईंनी विचारलेला प्रश्न याच क्रमातला होता. आधी झोप, आधी भाकर.

दोन आक्षेप

हे आम्ही बोलू लागलो तेव्हा मंडळीतल्या वडीलधाऱ्यांनी दोन आक्षेप घेतले. दोन्ही विचार करण्यासारखे आहेत.

पहिला : असे बोलल्याने सैनिकाचा मान कमी होतो, लोक त्याला वेडा म्हणतील. भीती खरी आहे. आपल्या भागात "याला धारवाडला न्यायला हवं" ही थट्टा आहे, कारण ब्रिटिश अमदानीपासून मनोरुग्णालय धारवाडात आहे. आज तिथे डिमहान्स ही मानसिक आरोग्य आणि मेंदूविज्ञानाची संस्था आहे, लांबून लोक उपचाराला येतात, आणि ती आपल्या घरापासून एका बसच्या अंतरावर आहे. पण थट्टेमुळे आपल्याच शहरातले दार आपल्याला बंद झाले आहे. काकूंनी तर बेळगावला नेऊ म्हटले, इथे कोणी पाहील म्हणून. सैनिकाचा मान शालीने राखला जात नाही. तो दवाखान्यात गेला हे कळल्यावर आपण काय बोलतो, त्यावर तो राखला जातो.

दुसरा : युद्धात माणूस मारणे हे पाप की कर्तव्य, याचा निकाल मंडळीने कसा द्यावा? आमचे म्हणणे, तो निकाल द्यायला आपल्याला बोलावलेले नाही. "तुम्ही देशासाठी केलंत, त्यात कसलं पाप" असे म्हणून आपण त्याचे तोंड बंद करतो. "रक्त सांडलंत, पश्चात्ताप करा" असे म्हणूनही बंदच करतो. गणना ३१ हा अध्याय वाचायला फार जड आहे, पण त्यात एक गोष्ट आहे : युद्धाहून आलेल्यांना सात दिवस छावणीबाहेर थांबायचे होते, शुद्ध होऊन मग आत यायचे होते. लढाईतून माणूस सरळ जेवणाच्या पाटावर येऊन बसू शकत नाही, मध्ये काही वेळ, काही वाट लागते, एवढे त्या जुन्या लोकांना कळत होते. आपला जवान मात्र आज रेल्वेतून उतरतो आणि तासाभरात घरी असतो. हुबळी स्थानकाचा फलाट १,५०७ मीटर, जगात सर्वांत लांब, २०२३ मध्ये त्याचे उद्घाटन झाले. तो फलाट माणूस वीस मिनिटांत चालून जातो. काकांना तिथून घरात पोचायला पंधरा वर्षे लागली.

आपण काय करू शकतो

मंडळीने डॉक्टर व्हावे असे आम्ही म्हणत नाही. पण काही गोष्टी आम्ही सुरू केल्या आहेत, त्या सांगतो.

माजी सैनिकाच्या घरी प्रार्थनेला जाताना दोघेच जातो, आधी कळवून जातो, आणि प्रार्थनेआधी विचारतो की झोप लागते का, जेवण जाते का. लढाईची गोष्ट आम्ही मागत नाही. त्यांनी सांगितली तर ऐकतो आणि ती बाहेर नेत नाही. १५ ऑगस्टला कोणालाही न विचारता पुढे बोलावत नाही. शहीदांची नावे घेऊन प्रार्थना करतो, त्यात आता एक वाक्य जोडले आहे : जे परत आले त्यांच्यासाठी आणि त्यांच्या घरच्यांसाठी. ३१ डिसेंबरच्या रात्रीच्या उपासनेनंतर आवारात फटाके लावणे बंद केले. तरुण संघाची पोरे कुरकुरली, पण कारण समजल्यावर गप्प बसली. शेवटच्या बाकावरची दाराजवळची जागा आम्ही मोकळी ठेवतो आणि तिथे बसणाऱ्याला पुढे या म्हणत नाही.

घरच्या बाईला विसरू नका. तिने किती वर्षे मुलांना "बाबा झोपलेत, आवाज करू नका" म्हणून सांभाळले, हे ती आपणहून सांगणार नाही. महिला मंडळात तिच्यासाठी एक विश्वासू मैत्रीण ठरवून द्या. मारहाण होत असेल तर तिला सहन करायला सांगू नका. आजार हे कारण असले तरी तिने आणि मुलांनी सुरक्षित राहणे आधी.

डॉक्टरांकडे लवकर न्या. डिमहान्स आहे, हुबळीच्या किम्समध्ये मानसोपचार विभाग आहे, आणि माजी सैनिकांना २००३ पासून इसीएचएस ही आरोग्य योजना आहे. १४४१६ हा टेली-मानसचा मोफत क्रमांक आहे. तिथे कन्नडमध्येही बोलता येते आणि मराठीतही. सशस्त्र दलांसाठी त्याचा खास कक्ष डिसेंबर २०२३ पासून पुण्याच्या सशस्त्र दल वैद्यकीय महाविद्यालयात आहे. गोळ्या, समुपदेशन, आघाताविषयी शिकवणीप्रमाणे हळूहळू बोलत जाण्याचे उपचार, यांनी पुष्कळांना आराम पडतो.

आणि कोणी मरणाची भाषा बोलू लागले तर घाबरून विषय बदलू नका. "जीव द्यावासा वाटतो का?" असे सरळ, प्रेमाने विचारा. विचारल्याने विचार बळावत नाही, माणसाला बोलायला वाट मिळते. त्याला एकटे सोडू नका. आपले कितीतरी माजी सैनिक बँकांत, एटीएमपाशी परवान्याची बंदूक घेऊन काम करतात. अशा दिवसांत ती बंदूक घराबाहेर, भरवशाच्या ठिकाणी ठेवली जाईल असे पाहा, आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडे चला.

हे काम पुढे वाढणार आहे. २०२२ मध्ये अग्निपथ योजना आली. तिच्यात चार वर्षांनंतर जास्तीत जास्त चौथा हिस्सा मुलांनाच पुढे नोकरीत घेतले जाते. बाकीचे पंचविशीच्या आतबाहेर घरी येतील. त्यांतली काही आपल्या संडे स्कूलमधून गेलेली आहेत. त्यांची वाट पाहणारी मंडळी आता तयार व्हायला हवी.

हवालदार काका पूर्ण बरे झाले असे आम्ही लिहिणार नाही. औषध चालू आहे. दारू सुटली, मग एकदा परत लागली, परत सुटली. दिवाळीत ते अजून शेतात जातात, पण आता काकू डबा घेऊन बरोबर जातात. गेल्या पवित्र गुरुवारी, प्रभुभोजनाच्या वेळी, ते पहिल्यांदाच शेवटच्या बाकावरून उठून पुढे आले. पाळकसाहेबांनी भाकर हातावर ठेवली. मागे वळून जागेवर जाताना त्यांनी आमच्याकडे पाहिले आणि नुसती मान हलवली. आम्हाला तेवढे पुष्कळ होते.

आपण प्रार्थना करू या.

हे प्रभू येशू, कबरांमध्ये राहणाऱ्याला तू नाव विचारलेस. आमच्या घरांत आणि आमच्या बाकांवर जे युद्ध मनात घेऊन बसले आहेत, त्यांची नावे तुला ठाऊक आहेत. त्यांना आज रात्री झोप दे. त्यांच्या बायकांना, मुलांना, म्हाताऱ्या आईबापांना धीर दे. डॉक्टर आणि परिचारिकांच्या हातांना यश दे. ज्यांना आम्ही न ऐकताच उपदेश केला, त्यांची आम्हाला क्षमा मागता येऊ दे. आणि तुझा पाठवलेला माणूस घरी येईल तेव्हा त्याला पाहून आम्ही भिऊ नये, त्याला जागा करून द्यावी, असे आम्हाला कर. आमेन.